अधांतरी अण्णा

मनातल्या मनात वाचलेलं आमच्या घरात कुणी वाचलेलं धरत नसे. विद्या ओठांबाहेर पडली पाहिजे, भिंतीवर आपटून कानात परत आली पाहिजे, असा नानाकाकांचा खाक्या होता. ते माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ. लग्न केलं नव्हतं, पौरोहित्य करायचे आणि सकाळी खालच्या ओसरीवर चार-सहा मुलांना संथा द्यायचे. काका एकदा म्हणत, मुलं दोनदा म्हणत, चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. मी लहानपणापासून त्याच आवाजात उठलो आणि त्याच आवाजात जेवलो, त्यामुळे विद्यापीठात कंप्युटर शिकायला लागलो तेव्हाही मला दुसरी रीत माहीत नव्हती. वरच्या खोलीत मांडी घालून, पुढेमागे डुलत, मी डेटाबेसचं पुस्तक मोठ्याने म्हणायचो. इंग्रजी वाक्य एकदा, मग त्याचा मराठी अर्थ, मग पुन्हा इंग्रजी. काशीतल्या आमच्या दूधविनायकाच्या गल्लीतून जाणारा एखादा थांबून खालून विचारायचा, "ई कौन सा वेद है, पंडितजी?" काका पानाचा तोबरा सांभाळत सांगायचे, "कलजुगवाला."

हे हसण्यावारी नेण्यासारखं असलं तरी मला दुसरा इलाजही नव्हता. विभागात यंत्रं मोजकी. ती थंड खोलीत ठेवलेली, चपला बाहेर काढून आत जायचं आणि आपली पाळी येईपर्यंत बिजली जायची. पुस्तकाची एकच प्रत ग्रंथालयात होती, तीही घरी नेता येत नसे. मी विद्यापीठाच्या फाटकाबाहेर, लंका नावाच्या वस्तीतल्या दुकानातून तिची झेरॉक्स करून आणली. शाई इतकी सढळ पडली होती की काही आकृत्या म्हणजे नुसते काळे चौकोन होते. ट्रान्झॅक्शन म्हणजे काय, ते अर्धवट राहिलं तर काय होतं, दोघांनी एकाच वेळी एकच नोंद बदलायला घेतली तर यंत्र कुणाला थांबवतं, हे सगळं मी यंत्राला हात न लावता, त्या काळपट कागदांवरून शिकलो. पुढे सारा जन्म त्याच कामात गेला. आज हाताखालची पोरं मला विचारतात, सर, तुम्ही पहिला डेटाबेस कुठला वापरला? मी सांगतो, पोह्यांचा. त्यांना वाटतं म्हातारा थट्टा करतोय.

थट्टा नाही. आई खालून यायची, मटार सोलत दाराशी बसायची आणि ऐकायची. हिवाळ्यात आमच्याकडे दिवसाआड निमोना असे, बनारसी पद्धतीचा वाटलेल्या मटाराचा, पण आईच्या हातून त्यात गोडा मसाला पडल्याशिवाय राहात नसे. तिला इंग्रजी येत नव्हतं. मराठी अर्थ मात्र ती पुराण ऐकावं तशी ऐकायची आणि मध्येच अडवायची. एकदा म्हणाली, "हे काय सारखं 'पूर्ण नाहीतर मुळीच नाही'?" मी स्वयंपाकघरात जाऊन पोह्यांचे दोन डबे काढले. एका डब्यातून मूठभर पोहे घेतले आणि दुसऱ्यात टाकायच्या आधी हात हवेतच थांबवला. म्हटलं, "आता बिजली गेली असं समज. पहिल्या डब्यात कमी झालेत, दुसऱ्यात वाढले नाहीत. मुठीतले पोहे कुणाचे?" ती म्हणाली, "मुठीतले मुठीतच, आणखी कुणाचे?" मी म्हटलं, यंत्राला मूठ चालत नाही. एक तर ते दुसऱ्या डब्यात तरी गेले पाहिजेत, नाहीतर मुकाट्याने पहिल्यात परत आले पाहिजेत. पोचले की कमिट, परत आले की रोलबॅक. आईने माझ्या हातातले पोहे काढून परातीत टाकले. "मग आज फोडणीचे करते," म्हणाली. तिच्या वागण्यात असा कोरडा विनोद पुष्कळ होता. घराबाहेर तो कुणाला दिसला नाही, कारण घराबाहेर तिच्याशी काय बोलावं हेच कुणाला कळत नसे.

आता अण्णांचं सांगायला हवं. अण्णा म्हणजे माझे वडील. गंगेपलीकडे रामनगरच्या एका शाळेत ते संस्कृत शिकवायचे. थंडी-उन्हाळ्यात लोखंडी पिप्यांवर तरंगणाऱ्या पुलावरून सायकलने जात आणि पावसाळ्यात पूल उचलला की नावेतून. मी दहाएक वर्षांचा असताना एका पावसाळ्यात ते सकाळी भाकरी आणि लसणाची चटणी बांधून घेऊन गेले, ते आलेच नाहीत. त्या दिवशी रामनगरच्या बाजूला एक नाव उलटली होती. काही माणसं पोहून निघाली, काही पुढे वाहत जाऊन सापडली, काही सापडलीच नाहीत. अण्णा त्या नावेत चढले होते का, हे छातीठोकपणे सांगणारा एकही माणूस भेटला नाही. उलट गल्लीतल्या एका कपडेवाल्याने शपथेवर सांगितलं, की त्याच दुपारी त्याने त्यांना मुगलसराय स्टेशनात पाहिलं, प्लॅटफॉर्मवर, हातात पिशवी. काका कितीतरी दिवस नदीकाठाने खाली जाऊन येत होते आणि मुगलसरायलाही जाऊन येत होते. दोन्हीकडून रिकाम्या हाताने. शेवटी चौकशी थांबली, आणि अण्णा ना मेलेले ना जिवंत असे आमच्या घरात राहू लागले.

ज्यांच्या घरात असं माणूस नाही त्यांना वाटतं, आशा असते. आशा कसली डोंबलाची! रोजच्या शंभर बारीकसारीक गोष्टी अडून बसतात. आमच्यासारख्या घरात तर फारच. बाप जिवंत असलेल्या मुलाची कर्मं वेगळी, बाप गेलेल्याची वेगळी. पितृपक्षात काका पाटावर बसवून संकल्प सांगायचे आणि माझ्यापाशी येऊन अडायचे. आजोबांच्या नावाने मी पाणी सोडायचं की नाही? अण्णा असतील तर तो हक्क त्यांचा. नसतील तर मी न सोडणं हे पाप. काका डोळे मिटून घ्यायचे आणि म्हणायचे, "तू नुसता हात जोड." बारा वर्षं मी नुसते हात जोडले. आईचं त्याहून वाईट. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला शेजारच्या मनूताई तिला बोलवायच्या, त्या मनाने चांगल्या होत्या. पण ओळीने कुंकू लावत आल्या की आईपुढे त्यांचं बोट करंड्यातच रेंगाळायचं. लावावं तर गेलेल्याच्या बायकोला लावलं, न लावावं तर असलेल्याचं अशुभ चिंतलं. आई ते बोट बघत बसायची. मग स्वतःच चिमूट घेऊन लावायची आणि म्हणायची, "पुढे जा, मनूताई, तिळगूळ द्यायचाय अजून."

त्या वर्षी मार्गशीर्षात काकांनी विषय काढला. जेवणं झाली होती, आई ताटं उचलत होती. काका म्हणाले, "वहिनी, बारा पुरी झाली. आता पालाशविधी करायला हवा." ज्याचा बारा वर्षं पत्ता नाही त्याचा पळसाच्या देठांचा आणि दर्भाचा देह करायचा आणि त्याला अग्नी द्यायचा, असा हा विधी. काकांनी तो कितीतरी यजमानांसाठी केला होता. महाराष्ट्रातून लोक त्यासाठी काशीला येत, आमच्याच ओसरीवर उतरत. पळसाच्या देठांची जुडी आमच्या माळ्यावर नेहमी असे, जशी इतरांकडे सरपणाची असते. त्यामुळे शब्द घरात नवा नव्हता. तो आमच्यावर येईल हे मात्र आम्ही तिघांनीही कधी तोंडातून काढलं नव्हतं.

आईने ताट खाली ठेवलं. "आणि ते जिवंत असतील तर?"

"आणि गेला असेल तर?" काकांचा आवाज एकदम फाटला. "बारा वर्षं माझा भाऊ पाण्यावाचून आहे, वहिनी. मी दुनियेच्या बापांना पाणी पाजतो रोज. माझ्या भावाला थेंब नाही!"

त्यांना रडताना मी त्याआधी पाहिलं नव्हतं आणि त्यानंतरही पाहिलं नाही. थोड्या वेळाने सावरून त्यांनी शास्त्र सांगितलं. असा विधी झालेला माणूस पुढे परत आला तर त्याचीही सोय आहे. त्याला तुपाने न्हाऊ घालायचं, नव्याने जन्मला असं मानायचं, बारसं, मुंज सगळे संस्कार पुन्हा करायचे आणि स्वतःच्याच बायकोशी पुन्हा लग्न लावायचं. मी थक्क होऊन ऐकत होतो. माझ्या पुस्तकात अगदी हेच होतं. एकदा कमिट झालेलं उलटवता येत नाही. ते चुकलं तर त्याची भरपाई करणारं दुसरं ट्रान्झॅक्शन नव्याने करायचं, आधीचं झालंच नाही असं म्हणता येत नाही. शिकल्याच्या भरात मला त्या क्षणीही त्याचा आनंद झाला. त्या वयाचा मेंदू असा निर्दय असतो.

आईला कसला आनंद? तिने एवढंच विचारलं, "असा परत आलेला कुणी तुम्ही पाहिलाय, भाऊजी?"

"नाही," काका म्हणाले. "पोथीत आहे."

मग ते माझ्याकडे वळले. "गजू, कर्ता तू. तू नाही म्हणालास तर होणार नाही." मी नाही म्हणालो. स्वच्छ म्हणालो. ज्याची खात्री नाही त्या माणसाला मी जाळणार नाही, असं म्हणालो आणि वर निघून गेलो. आजही मला ते उत्तर चुकीचं वाटत नाही. काकांचंही चुकीचं वाटत नाही. दोघंही बरोबर असले की घरात किती भयाण शांतता पसरते ते मी त्या महिन्यात पाहिलं. सकाळी खाली संथा चालायची, वर माझी चालायची, मधल्या मजल्यावर आई. गल्लीतून तिरड्या जायच्या, "राम नाम सत्य है" म्हणत. त्या आवाजाकडे आम्ही जन्मात कधी लक्ष दिलं नव्हतं. त्या महिन्यात मात्र तो आला की काका मंत्र थांबवायचे, मीही थांबायचो.

परीक्षा जवळ आली तसं मी शेवटचं प्रकरण काढलं. अनेक ठिकाणच्या यंत्रांनी मिळून एकच काम कसं पुरं करायचं, त्याचं. एका दुपारी कोवळं ऊन खोलीत आलं होतं, आई माझ्या स्वेटरची उसवलेली बाही विणत होती, आणि मी डुलत डुलत अर्थ सांगत होतो. एक म्होरक्या असतो. तो आधी सगळ्यांना विचारतो, तयार आहात? जो हो म्हणतो तो शब्दाला बांधला जातो. सगळ्यांचे हो आले की म्होरक्या सांगतो, करा. एखाद्याचा नकार आला तर सांगतो, सोडून द्या. पण हो म्हटल्यावर आणि निकाल यायच्या आत म्होरक्याच गप्प झाला, तर हो म्हणणाऱ्याला पुढेही जाता येत नाही आणि मागेही येता येत नाही. त्याने जे धरलेलं असतं ते त्याला सोडता येत नाही, आणि त्याच्या मागे जे खोळंबलेले असतात तेही खोळंबूनच राहतात.

सुया थांबल्या. "किती वेळ?" आईने विचारलं.

"निकाल येईपर्यंत."

"आणि तो आलाच नाही तर?"

मी पान उलटलं. त्याचं उत्तर तिथे एका छोट्या परिच्छेदात होतं, शाईने अर्धं बुजलेलं. मी म्हटलं, "मग यंत्र सांभाळणारा माणूस येतो आणि आपल्या अकलेने ठरवून टाकतो. हे किंवा ते."

"चुकीचं ठरलं तर?"

"तर चुकीचं. यंत्राला ते कळत नाही. पुढे कधी कळलंच, तर हाताने निस्तरायचं."

"पण मागचे सुटतात."

"हो, मागचे सुटतात."

तिने लोकर गुंडाळली. मला वाटलं, खाली चहा टाकायला गेली. ती काकांकडे गेली होती. मी खाली आलो तेव्हा काका ओसरीवर पंचांग उघडून बसले होते, आणि आई मला म्हणाली, "गजू, या अमावास्येला करू या. मी ठरवलंय." मी तावातावाने भांडलो. म्हणालो, पुस्तकातलं पुस्तकात, यंत्रांना कुंकू नसतं. ती म्हणाली, "तुझं पुस्तक राहू दे. भाऊजी रोज माझ्या डोळ्यांदेखत वाळत चाललेत. तू बावीस वर्षांचा घोडा झालास, तुला बाप आहे की नाही हे तुला सांगता येत नाही. माझ्यापायी किती जणांनी थांबायचं? मी सांभाळते हे घर. मी ठरवलं." मी हो म्हणालो.

अमावास्येला सकाळी धुकं इतकं होतं की गल्लीत समोरचा सांड अंगावर आल्यावर दिसायचा. न्हाव्याने माझं डोकं भादरलं. काकांनी माळ्यावरची जुडी काढली आणि आम्ही दोघांनी मिळून अण्णा तयार केले. देठ रचून हात, देठ रचून पाय, डोक्याच्या जागी नारळ, लोकरीच्या धाग्याने बांधणी, वरून जवाच्या ओल्या पिठाचा लेप. काकांचे हात या कामाला सरावलेले होते, तरी ते पुन्हा पुन्हा बांधणी सोडून नव्याने बांधत होते. "तो उंच होता," म्हणाले आणि पायांचे देठ थोडे खाली सरकवले. आईने अण्णांचं जुनं उपरणं आणून दिलं. काका म्हणाले, नवं वस्त्र लागतं. ती म्हणाली, "नवं त्यांना बोचायचं." काकांनी ते देहावर पांघरलं.

मग आईने पायात चपला घातल्या. काकांना वाटलं, दारापर्यंत येतेय. ती म्हणाली, "मी घाटावर येणार." काका म्हणाले, "वहिनी, बायका येत नाहीत." "ठाऊक आहे," ती म्हणाली. "बारा वर्षं वाट मी पाहिली. संपली की नाही ते मलाच बघायला हवं." काका बराच वेळ उंबऱ्याकडे पाहत उभे राहिले. पंचवीस वर्षांच्या पौरोहित्यात त्यांनी असं कुणाला चालू दिलं नसेल. मग ते बाजूला झाले.

देह हलका होता. आम्ही दोघांनीच उचलला, आणि खरं तर एकालाही जमला असता. मागे आई. मणिकर्णिकेला नेहमीसारखी रांग होती, लाकडांच्या राशी, ओले लोक, कुत्री. आमच्याकडे पाहून चिता सांभाळणाऱ्या डोमाने काही विचारलं नाही. असे देह तिथे येतात. त्याने पाण्याजवळची कडेची जागा दाखवली, आम्ही थोडी लाकडं रचली, काकांनी मंत्र सांगितले आणि मी अग्नी दिला. इतकी वर्षं माझ्यापाशी येऊन अडणारा संकल्प त्या दिवशी काका न अडता म्हणाले. पहिल्यांदा त्यांनी माझ्या बापाच्या नावाआधी प्रेत हा शब्द लावला, आणि मी तो त्यांच्यामागून म्हटला.

वाळलेले देठ आणि दर्भ. भडका उडाला, नारळ फुटला, उपरणं एकदा फुगलं आणि बसलं. लाकडांना नीट धग लागायच्या आतच वरचं सगळं राख झालं. शेजारी कुणा म्हातारीची चिता आम्ही यायच्या आधीपासून जळत होती, ती अजून अर्धीही झाली नव्हती. काका पंचा खांद्यावर टाकून स्नानाला निघाले. मीही निघालो.

"एवढ्यात झालं?" आईने विचारलं.

तिने मराठीत विचारलं होतं, पण डोमाला ते कळलं असावं. बांबूने निखारे सारत तो म्हणाला, "माई, इसमें जलने को था ही क्या."

आई पायरीवर बसली. पायरी ओली होती, तिला त्याचं भान नव्हतं. "बसा," ती आम्हाला म्हणाली. काका म्हणाले, "वहिनी, झालंय सगळं. आता थांबायचं नसतं, मागे वळूनही बघायचं नसतं." ती म्हणाली, "माणसाला लागतो तेवढा वेळ तरी बसू या, भाऊजी. त्यांना असं चटकन कसं सोडू?"

काकाही तिच्या शेजारी पायरीवर बसले, आणि मी खालच्या पायरीवर. धुकं विरलं, ऊन आलं. शेजारची म्हातारी पुरी जळाली, तिची माणसं पाण्याने आग विझवून निघून गेली, त्या जागी दुसरी लाकडं रचली गेली. आमच्यापुढे फक्त थोडी राख होती, तीही वाऱ्याने उडत होती. आई राखेकडे बघत होती. दुपार कलली तेव्हा ती उठली, दोन पायऱ्या उतरून गेली, ओंजळीत पाणी घेतलं आणि आमच्याकडे पाठ करून स्वतःच्या हाताने कपाळ पुसलं.